'पहिलं' रॅप गाणं आणि कॅझची वही

सिनॉप्सिस लिहायला बसलेल्या विद्यार्थ्याचा एक लाडका शब्द असतो: 'प्रथमच'. 'या विषयावर प्रथमच काम होत आहे', 'ही पद्धत सर्वप्रथम अमुक यांनी वापरली'. गाइड त्याखाली रेघ मारतात आणि विचारतात, "कशावरून?" उत्तर ठरलेलं: "सर, सर्च करून पाहिलं, त्याआधीचं काही सापडलं नाही."

आता 'सापडलं नाही' आणि 'नव्हतं' या दोन वेगळ्या गोष्टी आहेत, हे विज्ञानाच्या विद्यार्थ्याला वेगळं सांगायला नको. पाण्याच्या नमुन्यात शिसं सापडलं नाही तर आपण तक्त्यात शून्य लिहीत नाही, 'डिटेक्शन लिमिटच्या खाली' असं लिहितो. उपकरणाला दिसत नाही एवढंच आपण म्हणू शकतो. पण लिटरेचर रिव्ह्यू लिहायची वेळ आली की हे भान सुटतं, कारण रिव्ह्यू म्हणजे इतिहास लिहिणं आहे हे आपल्या डोक्यातच नसतं. तिथे उपकरण कुठलं, तर उरलेला कागद, छापलेला पेपर, निघालेली रेकॉर्ड. आणि त्या उपकरणाचीही लिमिट असतेच.

आज त्यासाठी एक गाणं घेऊ. विषय रॅपचा आहे म्हणून नाक मुरडू नका. श्रेय, नक्कल आणि पुरावा या तिन्ही गोष्टी एकाच ठिकाणी इतक्या स्पष्ट दिसणारं दुसरं उदाहरण मला तरी माहीत नाही.

१६ सप्टेंबर १९७९ रोजी अमेरिकेत 'रॅपर्स डिलाइट' नावाचं सिंगल बाजारात आलं. ग्रुपचं नाव शुगरहिल गँग, त्यात तिघे जण: वंडर माइक, बिग बँक हँक आणि मास्टर जी. लेबल शुगर हिल रेकॉर्ड्स, न्यू जर्सीतल्या एंगलवूड गावचं. ते चालवायची सिल्व्हिया रॉबिन्सन, जी स्वतः आधीच्या काळात नावाजलेली गायिका होती. बारा इंची तबकडीवर गाण्याची लांबी होती १४ मिनिटं ३५ सेकंद. रेडिओवर तीन-चार मिनिटांची गाणी वाजायची त्या काळात हे म्हणजे अख्खं कीर्तन झालं. (छोट्या आवृत्त्याही काढाव्या लागल्याच.) तरीही जानेवारी १९८० मध्ये ते बिलबोर्डच्या मुख्य यादीत ३६ व्या क्रमांकापर्यंत चढलं, ब्रिटनमध्ये तिसऱ्या आणि कॅनडात पहिल्या क्रमांकावर गेलं. न्यूयॉर्कच्या बाहेरच्या बहुतेक जगाला रॅप नावाची गोष्ट कळली ती या तबकडीमुळे. पुढे लायब्ररी ऑफ काँग्रेसच्या राष्ट्रीय ध्वनिमुद्रण नोंदवहीत, २०११ च्या यादीत, तिचा समावेश झाला.

म्हणून क्विझमध्ये प्रश्न येतो, 'पहिलं रॅप गाणं कुठलं?' आणि उत्तर दिलं जातं, 'रॅपर्स डिलाइट'. मग एखादा जाणकार उभा राहतो आणि म्हणतो, "चूक. फॅटबॅक बँडचं 'किंग टिम थर्ड' त्याच वर्षी काही आठवडे आधी आलं होतं." जाणकाराचं म्हणणं बरोबर आहे. पण ही दुरुस्ती करून आपण फार पुढे गेलो असं मला वाटत नाही. दोघांनीही एकच गृहीतक धरलंय, की गाणं म्हणजे रेकॉर्ड. एकाने यादीतली दुसऱ्या क्रमांकाची ओळ वाचली, दुसऱ्याने पहिल्या क्रमांकाची. यादी कुणी केली, तिच्यात काय येऊच शकत नव्हतं, हे दोघांनीही विचारलं नाही.

यादीत न आलेलं बरंच काही होतं. ११ ऑगस्ट १९७३ ला न्यूयॉर्कच्या ब्रॉन्क्स भागात, १५२० सेजविक अव्हेन्यू या इमारतीच्या खालच्या हॉलमध्ये सिंडी कॅम्पबेल नावाच्या मुलीने पार्टी ठेवली. शाळा सुरू होण्याआधी नवे कपडे घ्यायला पैसे हवे होते. हाताने लिहिलेल्या कार्डांवर तिकीट होतं: मुलींना २५ सेंट, मुलांना ५०. गाणी लावायला तिचा भाऊ क्लाइव्ह, ज्याला जग आता डीजे कूल हर्क म्हणून ओळखतं. त्याच्या लक्षात आलेली गोष्ट अगदी निरीक्षणाच्या वहीत लिहावी अशी आहे. फंकच्या तबकड्यांमध्ये मधेच एक जागा येते, जिथे गाणारे आणि बाकीची वाद्यं थांबतात आणि फक्त ड्रम-तालाचा तुकडा उरतो. त्याला 'ब्रेक' म्हणतात. नाचणारी पोरं नेमकी या तुकड्याची वाट बघत असायची, आणि तो काही सेकंदांत संपायचा. हर्कने एकाच रेकॉर्डच्या दोन प्रती दोन टर्नटेबलवर ठेवल्या. एकीवर ब्रेक संपत आला की दुसरीवर तोच ब्रेक सुरू करायचा, तोवर पहिली मागे फिरवायची. काही सेकंदांचा तुकडा हवा तेवढा लांबवता येऊ लागला. त्या तालावर माइकवर बोलणारे आले, बोलण्यात यमकं आली, यमकांतून चढाओढ.

१९७३ ते १९७९, म्हणजे सहा वर्षं हे चालू होतं. अंगणांत, बागांत, शाळेच्या जिममध्ये, क्लबांत. आपल्या उपकरणाला यातलं काही दिसत नाही, कारण रेकॉर्ड नाही. मागे काय राहिलं, तर हाताने लिहिलेली कार्डं, पार्टीत टेपरेकॉर्डरवर भरून हातोहात फिरलेल्या कॅसेट आणि लोकांच्या आठवणी.

या मंडळींनी स्वतः रेकॉर्ड का नाही काढली? संधी मिळाली नाही हे अर्धंच उत्तर आहे. ग्रँडमास्टर फ्लॅशने नंतर सांगितलंय की त्याला विचारणा झाली होती, पण आधीच रेकॉर्ड झालेल्या गाण्यावर कुणी बोलतंय, हे विकत कोण घेईल, असं त्याला वाटलं. 'पब्लिक एनिमी'चा चक डी तेव्हा लाँग आयलंडवर कॉलेजच्या वयाचा होता. तो सांगतो की रॅप हा तीन-चार तास चालणारा प्रकार. तो तबकडीवर बसणार कसा, हेच त्याला कळेना. रेडिओवाल्यांना जे गाणं अवाढव्य लांब वाटलं, ते त्याला आश्चर्य वाटावं इतकं छोटं वाटलं. मला हा किस्सा फार आवडतो. एकाच वस्तूचं मोजमाप दोन पट्ट्यांनी केलं की काय होतं, ते यात आहे.

आता मुख्य भाग. १९७९ च्या उन्हाळ्यात सिल्व्हिया रॉबिन्सनने हार्लेम वर्ल्ड नावाच्या क्लबमध्ये डीजेला तालावर बोलताना ऐकलं, समोरची गर्दी पाहिली, आणि याची तबकडी निघाली पाहिजे हे तिच्या डोक्यात बसलं. हे श्रेय तिचं आहे आणि ते कमी करायचं कारण नाही. पण तिला रॅपर हवे होते आणि लगेच हवे होते. एंगलवूडमधल्या एका पिझ्झाच्या दुकानात हेन्री जॅक्सन नावाचा तरुण काम करता करता टेपवर लागलेल्या रॅपबरोबर गुणगुणत होता. तो पुढचा बिग बँक हँक. दुकानाबाहेर गाडीत बसून त्याची परीक्षा झाली म्हणतात.

गोम अशी की हँक रॅपर नव्हताच. ब्रॉन्क्समधल्या एका रॅप ग्रुपची व्यवस्था तो बघायचा. त्या ग्रुपचा मुख्य गडी होता कर्टिस ब्राउन, मंचावरचं नाव ग्रँडमास्टर कॅझ. कॅझच्या सांगण्यानुसार हँक त्याच्याकडे आला, रेकॉर्डचं बोलला, आणि कॅझने आपली यमकांची वही टेबलावर टाकून म्हटलं, हवं ते घे. पुढे काही जमलं तर आपलंही बघितलं जाईल, एवढी अपेक्षा. गाणं जगभर वाजलं. कॅझचं नाव तबकडीवर आलं नाही आणि पैसेही मिळाले नाहीत, असं तो आजवर सांगत आलाय.

तुम्ही म्हणाल, हा एका माणसाचा दावा झाला. बरोबर, असंच विचारायचं. तोंडी साक्षीला आधार कुठला? इथे आधार गाण्यातच आहे. कॅझचं त्याआधीचं टोपणनाव होतं 'कॅसानोव्हा फ्लाय'. रॅपमध्ये आपलं नाव एकेक अक्षर सुटं करून सांगायची पद्धत आहे, आणि कॅझने आपल्या वहीत तसं लिहिलं होतं. हँकने ते उतरवून घेतलं आणि तसंच्या तसं म्हटलं. परिणामी 'रॅपर्स डिलाइट'मध्ये बिग बँक हँक स्वतःची ओळख करून देताना चक्क कॅझच्या नावाचं स्पेलिंग सांगतो. आजही गाणं लावा, ऐकू येतं.

मराठी माणसाला हे समजायला सोपं आहे, कारण नाममुद्रा आपल्या ओळखीची. अभंगाच्या शेवटी 'नामा म्हणे', 'तुका म्हणे' येतं. आपल्याकडच्या अभ्यासकांना नेहमी उलटी अडचण येते: नंतरच्या कुणीतरी रचना केली आणि मुद्रा मोठ्या संताची घातली, किंवा नावाच्या साधर्म्यामुळे विष्णुदास नाम्याच्या रचना संत नामदेवांच्या गाथेत शिरल्या. म्हणजे नुसत्या मुद्रेवरून कर्ता ठरत नाही, हा धडा आपल्याकडे जुना आहे. मग कॅझच्या बाबतीत मुद्रेला मी एवढं वजन का देतोय? कारण इथे ती म्हणणाऱ्याच्या विरोधात जाते. हँकला ते नाव घेण्यात काहीच फायदा नव्हता. ज्या खुणेचा नकलाकाराला उपयोग नाही आणि तरी ती राहून गेली, ती खूण बोलकी असते. पाठचिकित्सेत दोन पोथ्यांमधल्या सारख्या चुकांवरून नातं ठरवतात ते याच तर्काने. बरोबर शब्द दोघांनाही स्वतंत्रपणे सुचू शकतो, तीच विचित्र चूक दोघांकडून होणं अवघड.

गाण्याच्या शब्दांचं हे झालं. त्याखालच्या संगीताची गोष्ट वेगळीच घडली. १९७९ च्याच उन्हाळ्यात शीक या बँडचं 'गुड टाइम्स' हे गाणं अमेरिकेत पहिल्या क्रमांकावर होतं. त्याची बेस गिटारची चाल, बर्नार्ड एडवर्ड्सने वाजवलेली, इतकी पकड घेणारी की ब्रॉन्क्सचे डीजे आणि रॅपर तीच वापरत होते. सॅम्पलर नावाचं यंत्र अजून सर्रास हातात यायचं होतं, म्हणून रॉबिन्सनने स्टुडिओत वादक बसवून तीच चाल पुन्हा वाजवून घेतली. बिचाऱ्या वादकांनी पंधरा मिनिटं तेच तेच, न चुकता. शीकचा गिटारवादक नाइल रॉजर्स न्यूयॉर्कच्या एका क्लबात गेला असताना डीजेने ही तबकडी लावली आणि त्याला आपलं गाणं ऐकू आलं. प्रकरण वकिलांपर्यंत गेलं, तडजोड झाली, आणि गीतकार म्हणून एडवर्ड्स आणि रॉजर्स यांची नावं आली. पुढे हाच रॉजर्स त्या गाण्याबद्दल कौतुकाने बोलत राहिला, हेही नोंदवायला हवं.

एकच गाणं, दोन उसनवाऱ्या, दोन वेगळे निकाल. चालीचं श्रेय मिळालं, शब्दांचं नाही. का?

पटकन सुचणारं उत्तर असं की कायद्याला चाल दिसत होती आणि वहीतली यमकं दिसत नव्हती. हे खरं नाही. अमेरिकेचा १९७६ चा कॉपीराइट कायदा १ जानेवारी १९७८ पासून लागू झाला होता, आणि त्यानुसार मजकूर कागदावर उतरला की हक्क तिथेच सुरू होतो. कॅझची वही कायद्याच्या दृष्टीने कोरी नव्हती. पण खटला भरायचा तर आधी नोंदणी लागते, नोंदणी करायची हे कुणीतरी सांगावं लागतं, वकील लागतो, वकिलाला पैसे लागतात. रॉजर्स-एडवर्ड्सकडे हे सगळं होतं, पाठीमागे पहिल्या क्रमांकाचं गाणं होतं. कॅझ विशीच्या आतबाहेरचा, पार्ट्यांमध्ये गाजलेला मुलगा होता. हक्क कागदावर असणं आणि तो बजावता येणं यात केवढं अंतर असतं, ते लॅबमध्ये सहा महिने डेटा काढून पेपरच्या आभारात एका ओळीत नाव आलेल्या कुठल्याही प्रोजेक्ट असिस्टंटला विचारा.

आणि हो, सॉफ्टवेअरचं काय? यूजीसीच्या २०१८ च्या नियमांनुसार दहा टक्क्यांपर्यंत साधर्म्याला दंड नाही, त्यापुढे चाळीस, साठ अशा पायऱ्या. आपण सगळे तो टक्का खाली आणण्यात रात्री घालवतो. पण सॉफ्टवेअर तुलना करतं ते त्याच्या साठ्यातल्या मजकुराशी. कॅझची वही त्या साठ्यात नाही. हँकचा अहवाल शून्य टक्के आला असता, आणि त्यानंतर कॅझने आपलीच यमकं सादर केली असती तर त्याचाच अहवाल लाल झाला असता. सीनियरच्या न छापलेल्या प्रबंधातून, सेमिनारच्या तोंडी मांडणीतून, गाइडने चहा पिताना सांगितलेल्या कल्पनेतून घेतलेलं काही त्या टक्क्यात येत नाही.

शुगर हिलच्या बाबतीत नावांचा घोळ इथेच थांबला नाही. १९८२ मध्ये त्याच लेबलचं 'द मेसेज' आलं. गरीब वस्तीतल्या जगण्याबद्दलचं, रॅपला गंभीर वळण देणारं. तबकडीवर नाव ग्रँडमास्टर फ्लॅश अँड द फ्युरियस फाइव्ह. शब्द आणि आवाज मुख्यतः ड्यूक बूटी आणि मेली मेल यांचे. फ्लॅशचा वाटा नगण्य. पेपरवर पहिलं नाव कुणाचं आणि काम कुणाचं, हा प्रश्न फक्त आपल्या डिपार्टमेंटमधला नाही, एवढाच दिलासा.

बाहेरच्या जगात 'रॅपर्स डिलाइट'चं काय झालं ते मजेशीर आहे. पुढच्याच वर्षी जर्मनीत तीन रेडिओ-टीव्ही निवेदकांनी 'रॅपर्स डॉइच' नावाने त्याची गंमत केली, ब्राझीलमध्ये मिएलेने पोर्तुगीजमध्ये 'मेलो दो तागारेला' काढलं. दोन्ही देशांत रॅपच्या सुरुवातीचा विषय निघाला की ही विनोदी गाणी पुढे येतात. आणि २००२ मध्ये स्पेनच्या लास केचप या बहिणींचं 'असेरेहे' आलं, जे आपल्याकडेही लग्नाच्या वरातीपर्यंत पोचलं. त्याचं ध्रुवपद निरर्थक वाटतं ना? ते 'रॅपर्स डिलाइट'ची सुरुवात आहे, इंग्रजी न येणाऱ्या माणसाच्या तोंडून जशी निघेल तशी. गाण्यातला नायक क्लबात शिरतो आणि आपलं आवडतं गाणं शब्द न कळता म्हणतो, अशी ती गोष्ट आहे. तिसऱ्या हाती आलेला संदर्भ न वाचता उतरवला की काय होतं, त्याचं इतकं आनंदी उदाहरण दुसरं नसेल.

मूळ जागेची गोष्टही सांगतो, कारण 'पहिलं कोण' हा वाद नेहमीच क्विझपुरता नसतो. १५२० सेजविक ही मध्यम आणि कमी उत्पन्नाच्या लोकांसाठी भाड्यावर नियंत्रण असलेली इमारत. २००७ च्या सुमारास मालक त्या योजनेतून बाहेर पडायला निघाले. भाडेकरूंनी आपली इमारत हिप हॉपचं जन्मस्थान आहे हा मुद्दा पुढे केला, खुद्द हर्क त्यांच्या बाजूने उभा राहिला, आणि त्या वर्षीच्या जुलैमध्ये न्यूयॉर्क राज्याच्या वारसा जतन करणाऱ्या खात्याने तशी मान्यता दिली. शिस्तीचा इतिहासकार म्हणेल की एखाद्या कलेला एक तारीख आणि एक पत्ता असतो का? नसतो. पण घरभाडं दुप्पट होण्याच्या भीतीत राहणाऱ्या माणसाला ती तारीख लागते, आणि त्याच्या हातून ती काढून घ्यायला मी जाणार नाही. प्रबंधात मात्र मी 'जन्मस्थान' हा शब्द अवतरणचिन्हांत लिहीन.

आपल्याकडे काय? भारतातलं पहिलं रॅप म्हणून बाबा सेहगलच्या १९९२ च्या 'ठंडा ठंडा पानी'चं नाव घेतात. ते बेतलंय व्हॅनिला आइसच्या 'आइस आइस बेबी'वर, आणि त्याची बेसची चाल आहे क्वीन आणि डेव्हिड बोवी यांच्या 'अंडर प्रेशर'ची. म्हणजे उसनवारीची साखळी मुंबईपर्यंत लांबते. २०१५ चं डिव्हाइन आणि नेझी यांचं 'मेरे गली में', मग २०१९ चा सिनेमा, आणि मराठीत रॅप करणारे स्वदेसी ग्रुपमधले एमसी मवाली वगैरे हे अलीकडचे टप्पे. पोवाडा म्हणजेच आपलं रॅप, असं भाषणात म्हणायला छान वाटतं. संशोधनात म्हणायचं असेल तर साम्य दाखवून भागणार नाही. कुठल्या रॅपरने कुठल्या शाहिराकडून काय घेतलं, हे दाखवावं लागेल. काहींच्या बाबतीत ते दाखवता येईलही.

तुमच्यापैकी कुणी समाजशास्त्र, संगीत किंवा मराठी घेऊन पीएच.डी.ला बसत असेल तर हा विषय मोकळा पडलाय. फक्त यूट्यूबवरच्या अपलोडच्या तारखेवरून 'पहिलं मराठी रॅप' ठरवू नका. अपलोड करणारं चॅनेल कुणाचं, वही कुणाची, बीट कुणी बनवली, कट्ट्यावर ते आधी किती महिने म्हटलं जात होतं, हे विचारा. मोबाइलमधल्या जुन्या व्हॉइस नोट, व्हॉट्सॲपवर फिरलेले कच्चे रेकॉर्डिंग, कार्यक्रमाचे फोटो मिळाले तर तारखेसकट जपून ठेवा. फोन बदलला की ते जातात. आणि मुलाखत घेताना संमतीपत्रावर सही घ्या, वहीचे फोटो काढायची वेगळी परवानगी मागा. वही परत देताना कुणाकडून घेतली होती तेही लिहून ठेवा.